कुठले वानखेडे

विंडसर,
१४ सप्टेंबर २०२४

चि. राजरत्न यास,
आईचा जयभीम. वि. वि.

पत्र पाहून घाबरू नको, मी मेली नाही. फोनवर तू बोलतो आणि मी ऐकते, आणि मला तर आता धड ऐकूही येत नाही. कागदावर मी बोलीन आणि तुला मधात तोंड घालता येणार नाही. कामठीला बायांच्या रात्रीच्या वर्गात तूच मला ढकलत नेलं होतं, दहा वर्षांचा असताना. आता वाच.

परवा स्वातीच्या फोनवर एक व्हिडिओ आला. ओकव्हिलच्या आंबेडकर असोसिएशनमधल्या रश्मीनं धाडला. खाली लिहिलं होतं, हे आपले सर आहेत का. शाळेचा हॉल, टेबलावर गणपती, आणि त्याच्या पुढं माझा लेक. पॉलिटिकल सायन्सचा प्रोफेसर, समाजवादाची पुस्तकं लिहिणारा, देवाधर्माला जन्मभर थोतांड म्हणणारा, आता सस्काटूनात नगरसेवकाला उभा राहिलेला. हातात ताट धरून ओवाळून राहिला. आणि तो जरीचा कुर्ता कोणाचा रे? तुझा तर नाही.

छप्पन साली मी सात वर्षांची होती. माझा बाप मला खांद्यावर घेऊन गावाहून नागपूरले पायी गेला. आल्यावर घरच्या देव्हाऱ्यातले देव त्यानं कन्हान नदीत सोडले. माझी आजी रडत होती, तिला म्हणाला, रड, पण मागं पाहू नको. गौरी-गणपतीला देव मानणार नाही, पूजणार नाही, हे मी तेव्हा तोंडानं म्हटलं, समजलं नव्हतं तरी म्हटलं. तू पाळण्यात असताना मी तुला सांगितलं. तू विसरला असशील तर डोक्याला तेल लाव.

तरी ताटाचं मी एक वेळ गिळलं असतं. व्हिडिओ तिथं संपत नाही. ती मंडळाची सेक्रेटरी, प्रमोदिनी का कोण, तुझ्या बाजूला येते आणि लाडानं विचारते की तुम्ही वानखेडे म्हणजे अमरावतीकडच्या देशमुख मंडळींतले का. आणि तू हसला. हो म्हणाला नाही, नाही म्हणाला नाही. हसला. ते हसणं मी स्वातीला पुन्हा पुन्हा लावायला लावलं. शेवटी तुझी बहीण म्हणाली, आई, फोन गरम झाला.

आपलं आडनाव कुणब्यांत सापडतं, माळ्यांत सापडतं, आपल्यांतही सापडतं. म्हणून शाळेत मास्तर आधी आडनाव विचारी, मग गाव, मग गावात घर कोणत्या बाजूला. तुझा बाप तिसऱ्या प्रश्नापर्यंत थांबत नव्हता. पहिल्यालाच सांगून मोकळा होत होता. त्याची बढती दोनदा अडली, पण तो कोणाच्या पुढं असा हसला नाही.

इथं बरं आहे. स्वातीच्या कारखान्यात आठवड्याला तीनच दिवस काम आहे, त्यामुळे ती घरी राहून मला शिकवत असते की डाळीत मीठ किती घालावं. माझ्या सुनेला, जयाला सांग, गुडघ्याला लावायचं औषध पोचलं.

लोभ आहेच. तो वाढतो का आटतो, ते तुझ्या हातात.
पंचफुला वानखेडे


सस्काटून,
२५ सप्टेंबर २०२४

ती. आईस,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र मिळालं. यशोधराला दाखवलं, ती म्हणाली आजी फायर आहे. मला ते आधीपासून माहीत आहे.

तू रागावलीस, त्यात नवल नाही. पण एकदा शांतपणे ऐकशील तर बरं. मी निवडणुकीला कशासाठी उभा आहे ते तुला ठाऊक आहे. तीस वर्षं मी वर्गात सांगत आलो की लोकशाही दिल्लीत किंवा ओटावात सुरू होत नाही, ती बसथांब्यावर सुरू होते. इथे बर्फ पडला की आधी मोटारींचे रस्ते साफ होतात. पदपथ राहतो तसाच. पदपथावरून चालतं कोण, तर पहाटे हॉस्पिटलात फरशी पुसायला जाणारी बाई, हॉटेलातला पोरगा, तुझ्यासारखी म्हातारी. ज्याला गाडी आहे त्याचा बर्फ आधी. हेच माझं सगळं राजकारण आहे, बाकीची पुस्तकं त्याच्या तळटीपा. पदपथ आणि बसथांबे आधी, ही एक गोष्ट जरी करून घेतली तरी जन्माचं सार्थक.

आणि ती करायला माणसं लागतात. मराठी मंडळाकडे माणसं आहेत, गाड्या आहेत, घरापुढे प्रचाराच्या पाट्या लावायला लॉन आहेत. प्रमोदिनीताईंचे यजमान शैलेंद्र सगळा प्रचार सांभाळतात, संध्याकाळी ऑफिसातून आले की थेट दारं ठोठावायला निघतात. कुर्ताही त्यांचाच. लोकांनी प्रेमानं ताट हातात दिलं. ते नाकारून तिथे भाषण ठोकलं असतं, तर तो अहंकार झाला असता. ताट म्हणजे पूजा नव्हे, लोकांत मिसळणं आहे. आडनावाचं म्हणशील, तर त्यांच्या प्रश्नाला उत्तर देणं म्हणजे तो प्रश्न योग्य आहे असं मान्य करणं. मी तो प्रश्नच मानत नाही.

एक आनंदाची बातमी. आपल्या पत्रकावर तुझा फोटो छापलाय, अंगणात विड्या वळतानाचा. खाली इंग्रजीत लिहिलंय, विडी कामगार बाईचा मुलगा. लोकांना फार भावलंय. पुढच्या महिन्यात तू इकडे यावंस आणि एका सभेत माझ्या शेजारी बसावंस, अशी सर्वांची इच्छा आहे. तिकीट मी काढतो. काही बोलावं लागणार नाही.

तब्येतीला जप. राग कमी झाला की लोभ पूर्ववत व्हावा ही विनंती.
तुझा,
राजरत्न


विंडसर,
४ ऑक्टोबर २०२४

चि. राजरत्न यास,
जयभीम. हे असं लिहितात. तुझ्या पत्रात सा. न. वि. वि. आहे. हात थकला होता, का कोणी शेजारी उभं होतं?

पदपथाचं तू लिहिलं ते मला पटलं. मागल्या हिवाळ्यात तुमच्याकडे मी घसरून पडली ती पदपथावरच. तुझ्या सगळ्या पुस्तकांत हे एक वाक्य कामाचं आहे. तेवढंच छापायचं होतं.

आता पत्रकाचं. मला न विचारता माझा फोटो छापला. त्यात मी सूप मांडीवर घेऊन बसली आहे, हसत. लोकांना भावलं म्हणतो. भावणारच. गरीब बाई लांबून सगळ्यांना भावते. पण त्यांना हे सांगितलं का, की त्या अंगणात सगळ्या आपल्याच बाया काहून होत्या? देशमुखांच्या सुना का बसत नव्हत्या तेंदूपत्ता कातरायला? सट्टेदाराचा, म्हणजे विडीच्या ठेकेदाराचा मुनीम आमच्या विड्या हातातून घेत नव्हता. सूप जमिनीवर ठेवायचं, आपण चार पावलं मागं सरायचं, मग तो वाकायचा. खराब विड्यांची छाट काढून आमच्याच अंगावर फेकायचा. तीच विडी मग त्याच्या ओठात. आमच्या हातची विडी त्याच्या तोंडाला चालत होती, आमच्या हातचं पाणी चालत नव्हतं. हे तुझ्या कोणत्या वर्गात बसतं, सांग. तू म्हणशील आई, ही कामगाराची पिळवणूक आहे. माळ्याची गिरिजा माझ्याएवढ्याच विड्या वळत होती आणि तिच्या विड्या तो हातातून घेत होता.

म्हणजे माझी गरिबी तुला चालते. ती छापता येते, तिच्यावर मतं मागता येतात. माझी जात तेवढी कातरीनं कातरून टाकली, पत्त्याचा देठ कातरावा तशी.

आणि काही बोलावं लागणार नाही, हे तू माझ्यासाठी सोय म्हणून लिहिलं. मी जन्मात कधी न बोलता बसली आहे का? मला शोभेला ठेवायला तुला बाहुली हवी असेल तर डॉलर स्टोअरमध्ये जा.

मी येत नाही. फोटो काढून टाक. आणि ज्या लोकांसमोर हसला, त्याच लोकांसमोर उभा राहून सांग आपण कोण. प्रश्न मानत नाही म्हणतो. प्रश्न न मानणं ज्याला परवडतं त्यानं मानू नये. तुला परवडलं, कारण तुझ्यावर अंदाज चांगल्या बाजूचा लागला. वाईट बाजूचा लागला असता तर तू दहा पानांचा लेख लिहिला असता.

सांगत नसशील, तर पत्रकात मला आई म्हणू नको. विडी कामगार म्हण, नाव घालू नको.

कांदे इकडे भलतेच गोड आहेत, पिठल्याला चव येत नाही.

लोभ मागू नको, उत्तर धाड.
पंचफुला


सस्काटून,
१३ ऑक्टोबर

डिअर आजी,
जयभीम.

माझं मराठी लिहिणं बॅड आहे, सॉरी. तू शिकवलं तेवढंच येतं. आई स्पेलिंग चेक करते आहे पण ती म्हणते ती काही बोलणार नाही, हे तुमचं आणि बाबाचं आहे.

बाबानं तुझं पत्र वाचलं आणि बेसमेंटमध्ये जाऊन बसला. जेवायला वर आला नाही. फोटोचं पत्रक आता वाटत नाही, बॉक्समध्ये आहे. पण आजी, प्लीज तेरा नोव्हेंबरच्या व्होटिंगपर्यंत थांब ना. मी व्हॉलंटियर्सचं काम बघते. फोन करणारे, साइन लावणारे, राइड देणारे, सगळे मंडळाचे अंकल-आंटी आहेत. ते गेले तर आमच्याकडे मी आणि बाबाचे तीन स्टुडंट राहतील, आणि त्यातल्या एकाला ड्रायव्हिंग येत नाही. बाबा खरंच चांगला कँडिडेट आहे. काल तो एका घरी दीड तास बसला, त्यांचं भाडं वाढलं होतं, आणि ते आमच्या वॉर्डातले पण नव्हते.

एक विचारायचं होतं. लास्ट वीक प्रमोदिनी आंटीकडे पॉटलक होतं. किचनमध्ये आंटीनं मला विचारलं तुमचं गोत्र काय. त्यांचा निमिष आहे ना, तो टोरंटोत सॉफ्टवेअरमध्ये आहे, त्याच्यासाठी. मी म्हटलं आय डोन्ट नो, बाबाला विचारते. बाबा तिथेच उभा होता, चटणी वाढून घेत होता. त्यानं विंटर टायर्सचा विषय काढला. घरी येऊन मी गूगल केलं. तिथे खूप ऋषी आहेत. आपला कोणता?

मला निमिषशी लग्न करायचं नाहीये, तो स्वतःच्या कंडोबद्दलच बोलतो. पण मला माहीत असायला पाहिजे ना.

लव्ह यू. लोभ म्हणजे लव्हच ना? मग तो असू दे.
यशोधरा


विंडसर,
२० ऑक्टोबर २०२४

चि. यशोधरेस,
आजीचा जयभीम आणि एक चापट.

सत्तावीस वर्षांची घोडी झाली आणि आजीला विचारते आपण कोण. तुझी चूक नाही. तुझ्या बापाची आहे. त्यानं तुला जगातल्या सगळ्या क्रांत्या सांगितल्या, घरातली तेवढी सांगायची राहिली.

आपल्याला गोत्र नाही. ऋषी शोधू नको, एकही आपला नाही. माझा बाप महार होता. गावाच्या खालच्या अंगाला, नाल्याच्या पलीकडे घर. मेलेलं ढोर ओढायचं आपल्याकडे, गावाचा निरोप पोचवायचा आपल्याकडे, आणि मोबदल्यात शिळी भाकर वरून पदरात टाकायचे. छप्पन साली आपण बौद्ध झालो. त्या दिवशी ढोर ओढणं बंद झालं, भाकर बंद झाली, आणि पहिले सहा महिने माझ्या मायनं आम्हाला अंबाडीच्या भाजीवर काढलं. गोत्राच्या जागी हे सांग. निमिषच्या आईला पण हेच सांग, आणि सांगताना तिच्या हातातलं चटणीचं भांडं बघ. हललं तर समज, नाही हललं तर चांगली बाई आहे, तिच्याकडे जेवत जा.

तू म्हणते तेरा तारखेपर्यंत थांबा. मी पंच्याहत्तर वर्षांची आहे, मला सगळे थांबाच म्हणत आले. आधी आईबाप म्हणाले, मग मुनीम म्हणाला, मग युनियनवाले कॉम्रेड म्हणाले की आधी मजुरीचं होऊ दे, पाण्याच्या माठाचं मग बघू. मजुरी वाढली. माठ वेगळाच राहिला. आता माझा लेक म्हणतो आधी बर्फाचं होऊ दे.

तो चांगला आहे हे मला सांगू नको, मी त्याला पैदा केलं. रात्रीच्या दिव्याखाली अभ्यास करताना पुस्तकात डोकं घालून झोपायचा. होस्टेलात राहिला, दिल्लीत शिकला, इथं आला. हजार पोरांना त्यानं सांगितलं की ज्याच्यावर अन्याय होतो त्यानं आवाज काढला पाहिजे. मग त्यानं काढावा. चटणी वाढून घेऊन बाजूला सरकू नये.

हे पत्र त्याला वाचून दाखव. चष्मा नाही म्हणेल, म्हणून तूच वाच. मोठ्यानं वाच, म्हणजे तुझं मराठीही सुधारेल.

थंडीत कान झाक. लोभ म्हणजे लव्ह नाही, पण तू मागितला तर देते.
आजी


सस्काटून,
५ नोव्हेंबर २०२४

आई,
जयभीम.

यशोधरानं जेवणाच्या टेबलावर तुझं पत्र वाचलं. अडखळत वाचत होती. ‘ढोर’ शब्दाशी थांबली आणि अर्थ विचारला. मला सांगावा लागला. माझ्या मुलीला तो शब्द मी तिच्या वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी समजावून सांगत होतो, आणि हातात पोळी होती. तुला हे ऐकून बरं वाटेल.

त्या हसण्यामागे कसलीही थिअरी नव्हती. तुला जे लिहिलं ते नंतर रचलं. तीनशे माणसांच्या हॉलमध्ये मी जातीवर बोललो आहे, शोधनिबंध वाचले आहेत, माझ्या पुस्तकात त्यावर दोन प्रकरणं आहेत. पण ते सगळं दुसऱ्या कोणाबद्दल असल्यासारखं. प्रमोदिनीताईंनी विचारलं तेव्हा माझी जीभ होस्टेलातल्या पोरासारखी टाळूला चिकटली. बस.

शनिवारी मंडळाची दिवाळी होती. मला उमेदवार म्हणून दोन शब्द बोलायला सांगितलं. मी माइक घेतला आणि मराठीत म्हणालो, ‘मी वानखेडे, पण तुम्ही समजलात ते नव्हे. आम्ही महार, छप्पन्नपासून बौद्ध. सप्टेंबरात मी इथं आरतीचं ताट धरलं ते मतांसाठी. ते चुकलं. तुमचा विश्वास तुमच्यापाशी राहू दे, पण माझा नसताना मी तो दाखवायला नको होता.’ मग बर्फाचं बोललो. ते कोणी ऐकलं असेल असं वाटत नाही.

टाळ्या वाजल्या. तुला वाटेल शिव्या पडल्या, तर नाही. प्रमोदिनीताई लगबगीनं आल्या आणि म्हणाल्या, अहो सर, आम्ही असलं काही मानतच नाही, इथे कॅनडात कोण बघतं. दोघातिघांनी तेच सांगितलं, त्याच शब्दांत. श्रीखंडाची दुसरी वाटी आग्रहानं वाढली. मी यशोधराला गाडीत म्हणालो, बघ, आजी उगीच घाबरते.

सोमवारी सकाळी आम्ही फेरीला निघालो तर शैलेंद्रच्या गल्लीतल्या, मंडळाच्या लोकांच्या लॉनवरच्या आमच्या पाट्या नव्हत्या. शैलेंद्रच्या गॅरेजच्या बाजूला रचून ठेवलेल्या सापडल्या, नीट, आकारानुसार. त्याचा मेसेज होता, बर्फ पडणार म्हणून काढल्या, खराब होतील. दुसऱ्या उमेदवारांच्या पाट्या उभ्याच आहेत, त्यांचा बर्फ बहुतेक वेगळा असतो. शैलेंद्रला ऑफिसात अचानक काम आलंय, तेरा तारखेपर्यंत. फोन करणाऱ्या सगळ्यांनाच काही ना काही आलंय. माधवी नावाच्या एका बाईंनी तेवढी पाटी ठेवली आहे. त्या म्हणाल्या जमीन गोठली, निघत नाही. खरं कारण काय ते मी विचारलं नाही.

आता आम्ही पाच जण आहोत आणि एकच गाडी. हरणार हे उघड आहे. पदपथाचं कोण बघणार आता, तू? तीस वर्षं ज्याची वाट पाहिली ते तुझ्या एका हट्टापायी गेलं. मी खरं बोललो. तुला हवं होतं तसं, तुला हवं होतं तिथे. आता तुझं समाधान झालं का, एवढं कळव.

लोभाबद्दल आज काही लिहीत नाही.
राजरत्न


विंडसर,
१८ नोव्हेंबर २०२४

चि. राजरत्न यास,
आईचा जयभीम.

टपालवाल्यांचा संप सुरू झाला, त्यामुळे स्वाती ह्या कागदाचा फोटो काढून धाडणार आहे. त्यानं संप फुटतो का, ते तू ठरव. मी तिकीट चिकटवून ठेवलं आहे, संप मिटला की कागदही येईल.

थोडक्यात हरला असं स्वातीनं वाचून दाखवलं. वाईट झालं. तोंडदेखलं म्हणत नाही. जो निवडून आला त्याच्या पत्रकात पदपथाचा प शोधला, सापडला नाही, असं ती म्हणाली.

तू विचारलं समाधान झालं का. नाही झालं. तुला काय वाटलं, मी इथं पेढे वाटून राहिली? माझं डोकं तुझं पत्र आल्यापासून तापलेलं आहे. तुझ्यावर नाही, म्हणजे तुझ्यावरही आहे, पण आता तू रांगेत मागं आहे. त्या मुनिमानं सूप जमिनीवर ठेवायला लावलं, तो निदान तोंडावर लावत होता. मला माहीत तर होतं कोणाला शिव्या द्यायच्या. ही माणसं श्रीखंड वाढतात आणि पाट्या आकारानुसार रचतात. खराब होतील म्हणून. एवढी काळजी.

आणि तू लिहिलं की माझ्या हट्टापायी गेलं. माझ्या हट्टानं पाट्या काढल्या का? मी विंडसरला बसून गुडघ्याला तेल लावत होती. ज्यांनी काढल्या त्यांचं नाव तुझ्या पत्रात नीट अहो-जाहो करून आहे, प्रमोदिनीताई, आणि राग सगळा आईच्या पदरात. असं आपण लई शिकलो आहोत. वरच्या लोकांवर चिडायचं नाही, घरातल्यावर चिडायचं. तुझ्या समाजवादात ह्याला काही नाव असेल.

एक मात्र झालं. यशोधरेचा फोन आला होता, स्वातीनं स्पीकरवर लावला. ती म्हणाली, मतदानाच्या दिवशी ती प्रमोदिनीच्या दारावर गेली आणि मत मागितलं. ती बाई म्हणाली की बेटा, तुझ्या बाबांनी हे सगळं सांगायची काय गरज होती, आम्हाला विचारायचंच नव्हतं. पोट्टी म्हणाली, आंटी, तुम्ही गोत्र विचारलं होतं. मग तिथंच उभी राहिली. दार बंद होईपर्यंत हलली नाही. ही तुझी पोर नाही, माझी आहे.

तू बेसमेंटमध्ये बसून राहिला आहे असं जयानं कळवलं. पुस्तक लिहायला घेतलं असशील, ‘पराभवाची कारणं’ वगैरे. नको लिहू. वर ये, जेव. ज्यांनी पाट्या काढल्या ती घरं त्याच गल्लीत आहेत, त्यांच्यासमोरचा पदपथ अजून बर्फाखाली आहे, आणि पुढली निवडणूक यायचीच आहे. मी स्वातीला तिकीट काढायला सांगितलं आहे, तुझ्या पैशाचं नको. डिसेंबरात येते. शोभेला नाही येत. त्या जाड बुटांचा एक जोड माझ्या मापाचा आणून ठेव.

त्याच दारांवर जायचं, सगळ्या. माधवीच्याही. दार उघडलं की आपण कोण ते मी सांगीन, मला त्याची लाज कधी वाटली नाही आणि माझी जीभ टाळूला चिकटत नाही. मग बर्फाचं तू बोल.

लोभाचं मी तिथं आल्यावर बघते.
तुझी आई,
पंचफुला वानखेडे